चार तारांचा मेव्हणा

माझा जन्म सोलापूरच्या भवानी पेठेतला, आणि तो बी कर्ण्याखाली झाला असं आमची अव्वा, म्हंजे आई, सांगायची, कारण आमच्या अप्पाचा लाऊडस्पीकर भाड्यानं द्यायचा धंदा, आणि त्या दिवशी लग्नाच्या मांडवातनं परत आलेला कर्णा, तो पत्र्याचा भोंगा हो, घंगाळाएवढं तोंड असतंय बगा त्याला, तो ठेवायला जागा न्हाय म्हणून बाळंतिणीच्या खोलीतच वर आढ्याला टांगलेला. सुईण म्हणाली पोरगी झाली, आणि अप्पा बाहेरनं म्हणाला आवाज चांगला हाय. आमच्या घरात माणसाची परीक्षा आवाजावरनं. लग्न असू दे, बारसं असू दे, गणपती, इलेक्शन, कुणाची म्हैस हरवू दे, अप्पाचा कर्णा हजर, आणि सगळं घरच मोठ्यानं बोलायचं, कुणी हळू बोललं की अव्वाला वाटायचं हे कायतरी लपवायलेत. मला अजून हळू बोलता येत न्हाय, तुमी ते टेपचं यंत्र जरा लांब ठेवा, न्हायतर घरी जाऊन ऐकताना तुमालाच तरास.

आमी लिंगायत, घरात कन्नड, भिंतीपलीकडं तेलगू विणकरांचे माग, शाळेत मराठी, आणि मी पुडं पेपरात लिवायला लागले ते विलायती गाण्यावर. काय सांगू तुमाला, ह्यातलं कायबी मी ठरवून केलं न्हाय. अप्पाला मुलगा नव्हता, मी एकलीच, मंग मांडवात तबकड्या बदलायला मीच जायची. फ्रॉकमधनं परकरात आले, परकरातनं साडीत आले, अव्वा म्हणायची साकू माड, साकू माड, म्हंजे पुरे कर आता, पोरगी मोठी झाली, आणि अप्पा म्हणायचा तिच्याइतकी हळू सुई कोण ठेवतंय ते सांग, मी त्याला घेऊन जातो.

तर रेल्वे कॉलनीत एक गार्डसाहेब होते, ख्रिश्चन माणूस, गोरेगोमटे, त्यांच्या मुलीचा, डोरीनचा साखरपुडा होता आणि मशीन आमचं. तबकड्या मात्र त्यांच्या घरच्या. मी पहिली तबकडी लावली आणि घाबरून सुई उचलली, मला वाटलं मशीन बिघडलं. अप्पा धावत आला, वायरी हलवल्या, मशीनच्या पाठीवर थाप मारली. डोरीन हसत हसत आली, म्हणाली बिघडलेलं न्हाय, हे असंच असतंय. मंग परत लावली, तर एक माणूस जीव तोडून ओरडत होता आणि मागं तारा झणझणत होत्या. मी विचारलं काय म्हणतोय, तर म्हणाली त्याची बाई त्याला सोडून गेलीय म्हणून रडायलाय. मी म्हणले रडतोय ते ठीक, पण तालात रडतोय की. आमच्याकडं मयताला जुन्या बायका तालातच रडायच्या, त्यामुळं मला ते लगेच पटलं. त्या दिवसापासनं मी त्यातली झाले. कुणी देवाच्या नादी लागतंय, कुणी तमाशाच्या, मी ह्याच्या लागले.

डोरीन लग्न होऊन मुंबईला गेली, पण आमचं जमलं होतं. मी गाडीच्या गार्डाजवळ तिच्यासाठी शेंगा चटणी आणि कडक भाकरी द्यायची, आणि तिकडनं येणारा गार्ड तबकड्या आणि इंग्रजी मासिकं आणून द्यायचा. वाचून वाचून माझं इंग्रजी सुधारलं, बोलायला लागले की मात्र अजून बी कन्नडच वाटतंय. तबकडी आली की आढ्याच्या कर्ण्यावर लावायची. कर्णा सोडून दुसरं ऐकायचं साधन घरात न्हाय, ही गोष्ट ध्यानात ठेवा, पुडं सगळं त्याच्यावरच हाय. शेजारणी म्हणायच्या, महादेवीच्या घरी आज परत भांडण लागलंय वाटतं.

मॅट्रिक झाले आणि एका पेपरात मुद्रितं तपासायला लागले. पेपरचं नाव नको, बंद पडून लई वर्सं झाली. संपादकांना सगळे नाना म्हणायचे, तपकीर ओढायचे, रागावले की शिंक यायची, त्यामुळं रागावणं अर्धंच व्हायचं. एका शनिवारी रविवारच्या पानावरची शिलाई मशीनची जाहिरात ऐनवेळी रद्द झाली, आणि पानात ही एवढी मोकळी जागा. नाना म्हणाले आता हितं काय माझा फोटो छापू? मी म्हणले मी लिवते. म्हणाले कशावर? म्हणले विलायती बँडवर. नानांना शिंक आली, आणि मी तेवढ्यात लिवायला बसले.

खाली नाव काय टाकायचं, तर नानांनी टाकलं, एक श्रोता. मला वाटलं पहिल्या वेळेला ठीक हाय. पण लोकांनी वाचलं की हो. पुडच्या रविवारी लोकांनी विचारलं आज श्रोता कुटं गेला, म्हणून परत लिवलं, आणि मंग ते दर रविवारचं झालं. मी काय, मला जसं दिसतंय तसं लिवायची. हा गायक पोटातनं ओरडतो पण सकाळी भाकरी खाल्लेली दिसत न्हाय. हा ढोलवाला नव्या सुनेसारखा भांडी आपटतो, कुणावर राग हाय ते सांगत न्हाय. ह्या गाण्यात मधी बराच वेळ कुणीच गात न्हाय, तेवढ्यात चहा ठेवून घ्यावा. पत्रं यायची श्रोतेसाहेब, सप्रेम नमस्कार. एका पेन्शनर गृहस्थानं लिवलं, साहेब, तुमी विलायतेत किती वर्सं होता? मी अक्कलकोटच्या पुडं गेले नव्हते, आणि अक्कलकोटला बी मठात, ते पण आत्याबरोबर.

आता मेव्हण्याचं सांगते. तबकडीच्या कव्हरवर बँडचा फोटो असायचा. बहुतेक चौघं. एक गाणारा, एक ढोलवाला, एक सहा तारांची गिटार घेतलेला, आणि एक चार तारांची. खुंट्या मोजल्या की कळतंय. पण मी कितीदा बी ऐकलं तरी ह्या चार तारांच्या माणसाचा आवाज मला कुटं ऐकूच यायचा न्हाय. गाणारा ऐकू येतो, ढोल ऐकू येतो, सहा तारा तर कान फाडतात, मंग हा चौथा करतोय काय? लई दिवस डोकं खाजवलं, आणि एकदा बाळीवेशीत लग्नाची वरात बगताना उजेड पडला. आपल्याकडच्या बँडात बी एक माणूस असतोय बगा, लाल कोट घातलेला, तोंडाला पिपाणी लावलेली, गाल फुगलेले, पण फुंकत न्हाय. ठरवताना दहा माणसं सांगितलेली असतात, वाजवणारे नऊच असतात, मंग बँडमालक दहावा म्हणून आपल्या बायकोच्या भावाला कोट चढवून उभा करतो. मी मांडवात वाढलेली, मला हे सगळं ठाऊक. मी म्हणले, सापडला. आणि लिवलं, विलायतेत बी माणसं आपल्यासारखीच, तिकडं बी बँडमालकाला मेव्हणा असतोय, आणि त्याला चार तारा देऊन उभा करतात, दोन तारा कमी, कारण त्याला कुटं वाजवायचंय.

काय सांगू तुमाला, सोलापूर हसलं. चहाच्या हाटेलात, कोर्टाच्या आवारात, कुणी काम न करता नुसता उभा दिसला की लोक म्हणायचे, हा चार तारांचा मेव्हणा. एक पुढारी तर नानांकडं आले, म्हणाले हे तुमी माझ्यावर लिवलंय. नाना म्हणाले साहेब, ह्यात तुमचं नाव कुटंय? म्हणाले नाव न्हाय पण वर्णन बरोबर जुळतंय. त्यांना चहा पाजून घालवलं. आणि मला ते इतकं गोड लागलं की मी दर दोन-तीन आठवड्यानं त्या मेव्हण्याला परत आणायची, कसं उभा हाय, कसा केस सावरायलाय.

पण नाव काय माझं येत नव्हतं. घरी अप्पाला वाचून दाखवायची, अप्पा पोट धरून हसायचा आणि शेवटी विचारायचा, खाली काय लिवलंय? म्हणायची एक श्रोता. अप्पा म्हणायचा हा कोण? मला लई लागायचं ते. मी नानांना म्हणले माझं नाव टाका. नाना म्हणाले महादेवी, लोकांना वाटतंय हा कुणी कोट घातलेला साहेब हाय, बाई हाय कळलं तर म्हणतील हिला काय कळतंय. मी म्हणले कळत न्हाय तर छापता कशाला? तपकिरीची चिमूट तशीच हातात राहिली त्यांच्या. मंग म्हणाले, तू एक तरी असला बँड डोळ्यानं बगितलायस का? ज्या दिवशी समोर बगून लिवशील, त्या दिवशी तुझं नाव छापतो, जा. त्यांना वाटलं असला बँड सोलापुरात कशाला मरायला येतोय.

मी डोरीनला लिवलं, कसं बी कर पण एक बँड पाठव. तिच्या ओळखीचा एक बँड होता मुंबईत, कॉपर केटल नावाचा, ते हैदराबादला चालले होते, वाटेत सोलापूर. हितल्या एका कॉलेजचं गॅदरिंग होतं, मी पोरांना गाठलं, पोरांनी प्रिन्सिपॉलना गाठलं, प्रिन्सिपॉल म्हणाले होऊ द्या, पण जाहिरात मराठीत पायजे. पोरांनी भिंतीवर लिवलं तांब्याची किटली, आणि दोन बायका त्या दिवशी जुनी भांडी घेऊन आल्या, मोड घालून नवं घ्यायला.

लाऊडस्पीकर अर्थात अप्पाचा. अप्पानं लिंबाच्या झाडाला चार कर्णे बांधले, मशीनपुडं नारळ फोडला, बँडवाल्यांच्या कपाळाला बी कुंकू लावलं. त्या पोरांनी इंग्रजीत विचारलं आमची कपाटं कुटं? कपाटं म्हंजे त्यांचे स्वतःचे स्पीकर, काळे, माणसाएवढे, ते मागच्या गाडीतनं यायचे होते आणि गाडी उशिरा. अप्पा म्हणाला कपाटं कशाला, ह्या सोलापुरात माझ्या कर्ण्याशिवाय आजवर कार्यक्रम झालाय का? मंग चार वाजता ते अप्पाच्याच मशीनला वायरी जोडून सुरू झाले.

मी पहिल्या रांगेत, प्रिन्सिपॉलच्या बाजूला, मांडीवर कागद, हातात पेन्सिल. आणि समोर चौघं. गाणारा, ढोलवाला, सहा तारा, आणि तो. उंच, किडकिडीत, केस खांद्यावर, चार तारांची गिटार घेऊन उभा. बोटं हलवायलाय, आवाज कायबी न्हाय. मला इतका आनंद झाला म्हणून सांगू! माझं सगळं खरं निघालं की. मी लिवलं, मेव्हणा प्रत्यक्ष पाहिला, फोटोपेक्षा बरा दिसतो.

मंग मध्यंतर झालं, आणि टांग्यातनं ती कपाटं आली. अप्पाला राग आला, पण पोरांनी हात जोडले म्हणून त्यानं मशीन बंद केलं आणि झाडाखाली पाठ करून बसला. कपाटं जोडली. परत सुरू झालं. आणि प्रिन्सिपॉलच्या हातातल्या गिलासातलं पाणी हलायला लागलं.

मला आधी कळलंच न्हाय. ते कानानं आलंच न्हाय हो, पायातनं आलं. चपलेतनं वर, गुडघ्यात, पोटात, हातातल्या बांगड्या आपोआप किणकिणायल्या. मी ढोलवाल्याकडं बगितलं, तो तर थांबलेला. गाणाऱ्याकडं बगितलं, तो पाणी पीत होता. मंग मी त्याच्याकडं बगितलं. त्याचं बोट हललं की माझ्या पोटात धप, बोट थांबलं की पोटातलं थांबायचं. लहानपणी मी भिंतीला पाठ लावून अभ्यास करायची, पलीकडं माग चालायचे, तो ठोका पाठीतनं आत यायचा, आणि माग बंद पडला की पाठ एकदम रिकामी व्हायची, कशात मन लागायचं न्हाय. हे तेच होतं. सगळं गाणं ह्या माणसाच्या खांद्यावर उभं होतं, आणि मी त्याला आख्ख्या जिल्ह्यात मेव्हणा करून ठेवला होता. मला लाज वाटली आणि लई आनंद झाला, दोन्ही एकदम, डोळ्यातनं पाणी आलं, प्रिन्सिपॉल म्हणाले बाई, आवाजाचा तरास होतोय का?

कार्यक्रम झाल्यावर तो आपणहून आला. नेव्हिल त्याचं नाव. मुंबईच्या हिंदीत म्हणाला एक श्रोता तुमीच ना, तुमी पाठवलेली कात्रणं डोरीन आमाला सगळी इंग्रजी करून वाचून दाखवती, तुमची चटणी खात खात. मला वाटलं धरणीनं पोटात घेतलं तर बरं. म्हणले माफ करा, कर्ण्यातनं तुमचा आवाज येतच न्हाय, मला ठाऊक नव्हतं. तो हसायला लागला, ढोलवाल्याकडं बोट केलं आणि म्हणाला बँड त्याचा हाय, आणि त्याची बायको माझी सख्खी बहीण. म्हंजे तुमचं अर्धं बरोबर हाय.

दुसऱ्या दिवशी नानांना सगळं सांगितलं. नाना शहाणा माणूस, म्हणाले हे बग, चूक झाली ती एका श्रोत्याची, त्याच्याच नावानं ह्या रविवारी माफी मागून टाकू, आणि पुडच्या रविवारपासनं तुझं नाव, कोरं करकरीत. पहिल्यांदा नाव येतंय ते चुकीवर कशाला, लोक म्हणतील बाई हाय म्हणून चुकली. मला पटलं बी. लिवायला बसले, पण लिवता येईना. चूक काढून ठेवली की ते पोटातलं बी निघून जातंय. ज्याला आवाज आधीपासनं ठाऊक होता त्याला तो पायातनं आल्याचं काय कौतुक? मंग मी खरं ते सगळं लिवलं, चूक, गिलास, बांगड्या, माग, आणि नानांना म्हणले नाव ह्याच्यावरच पायजे. नाना म्हणाले नाव टाकतो, पण अप्पांचं काय?

तेच तर होतं. चूक का झाली, तर अप्पाच्या कर्ण्यातनं खालच्या पट्टीचा जाड घुमारा येत न्हाय म्हणून. ते लिवल्याशिवाय गोष्ट पुरी होत न्हाय, आणि लिवलं तर लगीनसराई तोंडावर आलेली, सगळं गाव म्हणणार शिवप्पाच्या पोरीनंच छापलंय की बापाचा कर्णा अर्धंच ऐकवतोय. मी घरी गेले. अप्पा अंगणात कर्ण्याला रुपेरी रंग देत बसलेला. मी समोर बसून सगळं वाचून दाखवलं, कन्नडमध्ये समजावून. एरवी हसणारा माणूस, हसला न्हाय. ब्रश थांबला न्हाय, पण एकाच जागी फिरायला लागला. म्हणाला, परत वाच. परत वाचलं. मी म्हणले अप्पा, तुमी म्हणत असाल तर फाडते. त्यानं ब्रश परत रंगात बुडवला.

तेवढ्यात अव्वा आतनं आली, पिठाच्या हातानं, आणि म्हणाली तुमचा तो कार्यक्रम अर्ध्यावर मोडला ना काल? अप्पानं मान वर केली, म्हणाला कोण म्हणतंय? अव्वा म्हणाली मीच की, हितं घरात बसून ऐकत होते, तो बोंबलायलाय, तारा वाजायल्यात, सगळं स्पष्ट, आणि मंग एकदम बंद, मी म्हणले संपलं, येतील आता दोघं, म्हणून तवा ठेवला, भाकऱ्या पार गार झाल्या आणि तुमचा पत्ता न्हाय.

अप्पानं ब्रश खाली ठेवला. कपाटाचा आवाज कॉलेजच्या कंपाउंडबाहेर बी गेला नव्हता, आणि त्याचे कर्णे भवानी पेठेत ऐकू येत होते. मला म्हणाला, लिव. खालचा आवाज कपाटाचा, लांबचा आवाज आपला. हे लिव, आणि खाली तुझं नाव घाल. नुसतं नको, बापाचं बी घाल.

तसंच छापलं. महादेवी शिवप्पा बिराजदार.

त्या रविवारी सकाळी मी आंघोळ करून केस पुसत होते, आणि छपरावरनं खरखर ऐकू आली. अप्पानं वर कर्णा बांधला होता. नेहमी मांडवात टेस्टिंग करताना हॅलो, एक दोन तीन म्हणायचा. त्या दिवशी म्हणाला, हॅलो, हॅलो, महादेवी शिवप्पा बिराजदार. आणि परत, हॅलो, महादेवी शिवप्पा बिराजदार. भिंतीपलीकडचे माग थांबले, लोक दारात आले, अव्वा ओरडायली साकू माड, पण कर्ण्यापुडं तिचं काय चालतंय. आणि नुसतं त्या दिवशी न्हाय. त्याच्या पुडं जितकी लग्नं केली, जितके गणपती, अप्पा मरेपर्यंत माईक टेस्टिंगला माझंच नाव घ्यायचा. पेपर वाचणारे असतील थोडे, पण अकलूजपासनं अक्कलकोटपर्यंत ज्याच्या ज्याच्या मांडवात अप्पा गेला तितं तितं अक्षता पडायच्या आधी लोकांनी माझं नाव ऐकलंय. नवरदेवाला वाटायचं नवरीचं नाव चुकायलेत.

आणि पत्रं काय आली सांगू? श्रोतेसाहेबांना सप्रेम नमस्कार, ही नवी बाई बरं लिवती, पण तुमची सर न्हाय, लवकर परत या. मी ती पत्रं अप्पाला वाचून दाखवायची आणि दोघं हसायचो. मी पुडं पेपर बंद पडेपर्यंत लिवलं, नावानिशी. डोरीन गेली, नाना गेले. नेव्हिल नाताळला फोन करतो अजून, मेव्हणा बोलतोय म्हणतो.

आता कर्णे कुणी लावत न्हाय. मिरवणूक निघाली की ट्रकवर ती काळ्या कपाटांची भिंत, आणि नुसतं धप धप धप, खिडक्या हलतात, मांडणीतली भांडी पडतात, गाणं कुटलं ते कळत न्हाय, गाणारा न्हाय, तारा न्हाय, आता सगळ्या गावात एकटा मेव्हणाच वाजायलाय. लोक कानात बोळे घालतात, पोरं म्हणतात आजी आत बसा. मी दारात बसते, भिंतीला पाठ लावून. त्यांना बी शिव्या देणार न्हाय मी, त्यांचं भलं होऊ दे, फक्त जरा गाणाऱ्याला बी वाव द्या म्हणावं. तुमचं बी भलं होऊ दे, एवढ्या लांबनं आला, म्हातारीचं ऐकून घेतलं. ते यंत्र बगा जरा, आवाज नीट आलाय का? न्हायतर थांबा, परत टेस्टिंग करते. हॅलो, महादेवी शिवप्पा बिराजदार.